आमची पाळी कोणी घेतली?

शास्त्रपाठ : योहान ११:४७-५२, प्रेषितांची कृत्ये १७:१६-३४



वर्धेहून नागपूरच्या वाटेने जाऊ लागले म्हणजे सेलू तालुक्यात केळझर हे गाव लागते. महाभारतात सांगितलेली एकचक्रा नगरी ती हीच, असे तेथील लोक पिढ्यान्‌पिढ्या सांगत आले आहेत. खानदेशात एरंडोलचे लोकही तोच मान आपल्या गावास देतात. त्या वादात आम्हांस पडावयाचे नाही. त्या कथेत जी एक भयंकर पाळी सांगितली आहे, तिजकडे मात्र आज आपण लक्ष देऊ.

नगराजवळ बक नावाचा राक्षस राहत असे. तेथील राजा दुर्बळ. प्रजेचे रक्षण त्याच्याने होईना. म्हणून नगरच्या लोकांनी एक गाडाभर भात, दोन रेडे व ते घेऊन जाणारा एक मनुष्य, असा भक्ष्य पाळीपाळीने देण्याचे कबूल केले होते. एके दिवशी एका गरीब ब्राह्मणाच्या घरावर पाळी आली. बाप म्हणे मी जातो, आई म्हणे मी जाते, मुलगी म्हणे मला पाठवा. आणि बोबडे बोलणारा लहान मुलगा हाती गवताची काडी घेऊन म्हणू लागला की, हिनेच मी राक्षसास मारीन. त्याच घरी उतरलेल्या कुंतीने हा आकांत ऐकिला व आपल्या पाच पुत्रांपैकी भीमास पाठविले. भीमाने बकास मारिले आणि नगर सुटले.

आता ह्याच तऱ्हेची दुसरी कथा दूरच्या ग्रीक देशातील ऐका. क्रेत बेटाचा राजा मिनोस ह्यास समुद्राच्या देवाने एक सुंदर बैल पाठविला. तो बैल त्याच देवास अर्पण करावयाचा, असा राजाचा शब्द होता. परंतु बैल पाहून राजास लोभ सुटला व त्याने तो आपल्यापाशी ठेवून घेतला. त्या अपराधातून अर्धा मनुष्य व अर्धा बैल असा एक राक्षस त्याच्या घरी जन्मास आला. त्यास एका भुलभुलैयात कोंडिले. पुढे मिनोसाने अथेनै नगरास युद्धात नमविले आणि त्या राक्षसासाठी ७ तरुण व ७ कुमारी ठरलेल्या वर्षी पाठवाव्या, अशी खंडणी बसविली. प्लूटार्क नावाचा ग्रीक लेखक सांगतो की, लोक चिठ्ठ्या टाकून आपली लेकरे देत व राजा एगियस ह्याजवर कुरकुरत. कारण सर्वांची घरे रिकामी होत असता त्याचे घर मात्र शिल्लक राही. तेव्हा राजपुत्र थेसियस आपण होऊन पुढे आला. राजकन्या अरिआदनी हिने दिलेल्या सुताच्या आधाराने तो आत शिरला, राक्षसास मारून बाहेर आला आणि अथेनैची लेकरे सुटली.

बंधूंनो, ह्या दोन देशांच्या मध्ये समुद्र आहे, भाषा निराळ्या आहेत. परंतु दुःख एकच आहे. अपराध बलवानांचा, आणि पाळी दुर्बळांच्या दारी. म्हणून दोन्हीकडील लोकांनी एकाच गोष्टीची वाट पाहिली, ती ही की, आमची पाळी आपल्या अंगावर घेणारा कोणी तरी यावा. मनुष्याच्या अंतःकरणाची ही हाक खोटी आहे, असे आम्ही म्हणत नाही. ती देवानेच तेथे ठेविली आहे.

परंतु कथेचा शेवटही पाहा. परत येताना थेसियसाने अरिआदनीस नाक्सोस बेटावर टाकून दिले. जिवंत आलो तर पांढरे शीड लावीन, हा शब्द तो विसरला; तेव्हा काळे शीड पाहून म्हाताऱ्या बापाने प्राण दिला. इकडे पांडव एकचक्रेस येण्यापूर्वी लाखेच्या घरातून निसटले, तेव्हा त्या घरात एक निषाद स्त्री व तिचे पाच पुत्र जळून गेले. त्यांची पाळी कोणी घेतली नाही. हे आम्ही कोणास हिणविण्यासाठी सांगत नाही. मनुष्यांमधील उत्तमातला उत्तम वीरही कोणास तरी मागे टाकितो, एवढेच दाखवितो.

थेसियस स्कायरॉस बेटावर मरण पावला. त्याची म्हणून मानलेली हाडे किमोन नावाच्या सेनापतीने सुमारे इ. स. पूर्व ४७५ ह्या वर्षी अथेनै येथे आणिली व नगराच्या मध्यभागी ठेविली. बलवानांच्या भयाने पळालेले दास व दीन लोक त्या थडग्यापाशी आश्रयास जात. त्यांचे दुःख खरे होते, परंतु आश्रय हाडांचा होता.

त्याच अथेनै नगरात सुमारे इ. स. ५० मध्ये प्रेषित पौल आला. मूर्तींनी भरलेले नगर पाहून त्याचा जीव तळमळला. तथापि त्याने कोणाच्या देवाची थट्टा केली नाही. अज्ञात देवाच्या वेदीवरून त्याने बोलण्यास आरंभ केला. आरातस कवीने ज्यूस देवाविषयी लिहिलेले वचनही त्याने घेतले आणि त्यातून जिवंत पित्याकडे बोट दाखविले. मग ज्यास देवाने मेलेल्यांतून उठविले, त्या पुरुषाची वार्ता त्याने सांगितली. कित्येक हसले; परंतु दियनुस्य व दामारी ह्यांनी विश्वास ठेविला. उपदेशक बंधूंनो, पारावर बसून शेजाऱ्यांशी बोलताना हा कित्ता डोळ्यांपुढे ठेवा. शेजाऱ्याच्या कथेस हसणारा त्याचे कान बंद करितो. तिच्यातील रडणे ओळखणारा ते उघडितो.

आणि मग त्यास हे सांगा. कयफाने हिशेब केला की, सर्व राष्ट्राचा नाश होण्यापेक्षा एकाने मरावे हे बरे. तो मिनोसाचाच हिशेब होता, दुसऱ्याच्या लेकराने आपले साधण्याचा. परंतु देवाने त्याच्याच तोंडून सत्य वदविले. भीम गेला तो आपले बाहुबळ जाणून गेला; थेसियस गेला तो सुताचा आधार घेऊन गेला. आमचा प्रभू मरणाच्या भुलभुलैयात शिरला तो हात पसरून, शस्त्रावाचून. त्याने आपली पाळी नव्हे, आमची पाळी घेतली. आणि तीही एका नगरासाठी नव्हे, तर देवाच्या पांगलेल्या सर्व लेकरांना एकत्र करण्यासाठी. त्याची हाडे कोणत्याही नगरात पूजेस ठेविलेली नाहीत. त्याची कबर रिकामी आहे.

हे केवळ ऐकावयाचे नव्हे. आमच्या जिल्ह्यात आजही पाळी मागणारे आहेत. कर्ज हा त्यांतील एक. २००६ साली केंद्र सरकारने विदर्भातील ज्या सहा जिल्ह्यांतील शेतकऱ्यांसाठी मदत जाहीर केली, त्यांत वर्धा जिल्हाही होता. कापसाने दगा दिला, पाऊस चुकला, देणेकरी दारी उभा राहिला, म्हणजे एखादा कुटुंबवत्सल मनुष्य रात्री मनाशी म्हणतो की, आता माझी पाळी. मी गेलो म्हणजे घर सुटेल. बंधू, हे असत्य आहे. तुझ्या जाण्याने घर सुटत नाही, ते पोरके होते. तुझा प्राण कोणीही मागत नाही. ज्यास मागण्याचा अधिकार होता, त्याने आपला पुत्र दिला. आणि दुसऱ्या घरी बाप जात नाही, तर मुलीची शाळा सोडवून तिला मजुरीस धाडितात. ती कोणाची खंडणी? तिला त्या भुलभुलैयात पाठविण्याचा अधिकार आपणांस कोणी दिला?

म्हणून मंडळीच्या वडिलांनो, ज्याचा चेहरा उतरला आहे, जो उपासनेस येईनासा झाला आहे, त्याच्या घरी ह्याच आठवड्यात जा. एकट्याने नव्हे, दोघे मिळून जा. त्यास एकटे बसू देऊ नका. त्याचा हिशेब कागदावर मांडा, बँकेत त्याच्याबरोबर चला, मन फार खचले असेल तर दवाखान्यात न्या. मुलीची फी मंडळीच्या दानातून भरा. कुंतीने भिंतीपलीकडचे रडणे ऐकिले आणि ती उठली. ज्यांची पाळी ख्रिस्ताने घेतली, ते आपण भिंतीपलीकडे काय ऐकतो?

हे प्रभू येशू, तू आमच्या जागी गेलास. आमच्या गावातील ज्या घरी आज आकांत आहे, तेथे आम्हांस पाठीव. आमेन.