पाचवे कारण

कर्म मनापासून केले, ते उत्तम वठले आणि तरीही अपेक्षित फळ मिळाले नाही, तर त्या कर्माविषयी काय म्हणावे, हा भारतीय तत्त्वचिंतनातील जुना प्रश्न व्यावसायिक क्रीडापटूच्या आयुष्यात विशेष तीव्रतेने उभा राहतो, कारण तेथे कर्माची नोंद आकड्यांत होते आणि ‘प्रयत्नच कमी पडले असतील’ असे म्हणून सुटका करून घेता येत नाही. क्रिकेटपटू अमोल मुझुमदार यांच्या नावावर प्रथम श्रेणीच्या, म्हणजे तीन ते पाच दिवस चालणाऱ्या मान्यताप्राप्त, १७१ सामन्यांत ११,१६७ धावा आणि ३० शतके आहेत. १९९४ साली फरिदाबाद येथे हरियाणाविरुद्ध मुंबईकडून पहिलाच रणजी सामना खेळताना त्यांनी २६० धावा केल्या, आणि पदार्पणातील सर्वोच्च धावसंख्येचा तो जागतिक विक्रम २०१८ पर्यंत अबाधित राहिला. भारताच्या संघाकडून मात्र ते एकही सामना खेळले नाहीत.

यावर सर्वांत सोपे उत्तर प्रारब्धाचे आहे. मागील जन्मांतील कर्मांचा साठा ते संचित, त्यातील ज्या भागाने या जन्मी फळ देण्यास सुरुवात केली ते प्रारब्ध, आणि आज हातून घडते ते क्रियमाण, अशी ही विभागणी परंपरेत रूढ आहे. परंतु प्रारब्धाचे नाव नेहमी निकाल लागल्यानंतर घेतले जाते. निवड झाली असती तर तीही प्रारब्धानेच झाली असे म्हटले गेले असते, आणि जे स्पष्टीकरण दोन्ही निकालांना सारखेच लागू पडते ते कोणत्याच निकालाचे कारण सांगत नाही. शिवाय त्यात एक अन्यायही आहे. ज्याला डावलले गेले त्याच्याच अज्ञात जन्मावर दोष ठेवून ते मोकळे होते.

गीतेच्या अठराव्या अध्यायातील विवेचन याहून काटेकोर आहे. कोणतेही कर्म सिद्धीस जाण्यास पाच कारणे लागतात असे तेथे मांडले आहे: अधिष्ठान म्हणजे कर्माचा आधार, कर्ता, करण म्हणजे साधने, चेष्टा म्हणजे नाना प्रकारच्या क्रिया, आणि पाचवे दैव. मराठवाड्यातल्या भोकर तालुक्यातील कोरडवाहू शेतीवर ही मांडणी ताडून पाहिली तर तिचा अर्थ अधिक स्पष्ट होतो. रान हे अधिष्ठान, कुणबी हा कर्ता, तिफण आणि बैलजोडी ही करणे, पेरणी, कोळपणी, खुरपणी या चेष्टा, आणि पाऊस हे दैव. या मांडणीत दैव हे पाचांपैकी एक आहे, पाचांचा धनी नव्हे. त्याच्यावाचून पीक येत नाही, पण केवळ त्याच्या बळावरही येत नाही. पाऊस रुसला म्हणून पेरणी खोटी ठरत नाही, ही गोष्ट मराठवाड्यात कोणाला समजावून सांगावी लागत नाही.

मुझुमदार यांच्या बाबतीत हे पाचवे कारण कोणते होते, हेही निश्चित सांगता येते. ज्या मधल्या फळीत त्यांना जागा हवी होती ती सचिन तेंडुलकर, राहुल द्रविड, सौरव गांगुली आणि व्ही. व्ही. एस. लक्ष्मण यांनी व्यापली होती. म्हणजे येथे दैव हे अनाकलनीय नव्हते. ते समकालीनांच्या गुणवत्तेचे दुसरे नाव होते. एकाचे क्रियमाण हे दुसऱ्याचे दैव होऊ शकते, आणि त्यात कोणाचेही पाप शोधण्याचे कारण नसते, हा विचार कर्मसिद्धांताच्या चर्चेत यावा तितका येत नाही. डावखुरे फिरकी गोलंदाज पद्माकर शिवलकर यांच्याबाबतीतही तेच घडले. प्रथम श्रेणीत ५८९ बळी घेणाऱ्या या मुंबईकर गोलंदाजाच्या उमेदीच्या काळात भारताकडे त्याच शैलीचे बिशनसिंग बेदी होते.

अशा खेळाडूंचे सांत्वन निष्काम कर्माच्या उपदेशाने करण्याची प्रथा आहे, आणि ती गीतेवर अन्याय करणारी आहे. फळावर दृष्टी ठेवू नये असे सांगणारा प्रसिद्ध श्लोक तेथेच थांबत नाही, तर कर्म न करण्याचाही मोह नको असे त्याच दमात बजावतो. आणि हा दुसरा भाग अधिक कठीण आहे. कुणबी मृगात आभाळाकडे पाहतो, त्याला पीक हवेच असते, त्याच्या ठायी इच्छा नाही असे म्हणणे त्याचा अपमान करणे होय. परंतु पहिले बियाणे वाळून गेल्यावर तो दुबार पेरणी करतो, तेव्हा इच्छा भंगल्यानंतरही कर्माशी टिकलेले त्याचे नाते दिसते. २००६-०७ मध्ये मुंबईला कर्णधार म्हणून रणजी करंडक जिंकून दिल्यानंतर, २००९ मध्ये, भारतीय संघाचे दार जवळपास बंद झालेले असताना मुझुमदार आसामकडून आणि पुढे आंध्रकडून खेळू लागले. परप्रांतातून मोबदला देऊन आणलेल्या अशा खेळाडूला रणजीच्या परिभाषेत व्यावसायिक म्हणतात. त्याच्याकडून धावांबरोबर तरुणांना सोबत घेण्याचीही अपेक्षा असते. लोकमान्य टिळकांनी १९१५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘गीतारहस्या’त ज्या लोकसंग्रहावर, म्हणजे इतरांना मार्गी लावून समाज धरून ठेवण्यासाठी केलेल्या कर्मावर, भर दिला, त्याच्याशी या कामाचे नाते निष्कामतेपेक्षा जवळचे आहे.

मुझुमदार प्रशिक्षक असताना भारताच्या महिला संघाने २ नोव्हेंबर २०२५ रोजी नवी मुंबईत दक्षिण आफ्रिकेला ५२ धावांनी हरवून विश्वचषक जिंकला, तेव्हा उशिरा का होईना फळ मिळाले, असे अनेकांना वाटले. ही भावना समजण्यासारखी आहे, परंतु तर्क म्हणून ती टिकत नाही. तो चषक मैदानावर उतरलेल्या खेळाडूंच्या कर्माचे फळ आहे, आणि प्रशिक्षकाचा त्यातील वाटा हे त्याचे नवे कर्म आहे, जुन्या धावांवरचे व्याज नव्हे. ११,१६७ धावांना अर्थ येण्यासाठी त्या चषकाची गरज होती असे मानले, तर त्याच वर्षी ३ मार्चला निधन पावलेल्या शिवलकरांचे कर्म कायमचे निष्फळ म्हणावे लागेल. आणि १९७३ च्या रणजी अंतिम सामन्यात चेपॉकवर तमिळनाडूचे १६ धावांत ८ आणि मग १८ धावांत ५ बळी घेणाऱ्या गोलंदाजीला तसे म्हणणे शक्य नाही.