नाण्याला जात नसते म्हणे!

हल्ली एक बोलणं फार कानावर येतं. बाजार जात विचारत नाही, पैसा विचारतो. सरकारनं हात काढून घेतला की समता आपोआप येईल. हे जरा तपासून घेऊ.

खिशात पैसा असला की दुकानदार साबण देतो, हे खरं. पण खिशात पैसा येतो कुठून? जमिनीतून, भांडवलातून, नोकरीतून. जमीन त्यांची, भांडवल त्यांचं, आणि नोकरी देणारा आधी आडनाव वाचतो. भाडं रोख मोजायची तयारी असूनही खोली नाकारली जाते, तीही याच बाजारात.

मग सरकारला शरण जायचं? तिथंही डोळे उघडे ठेवा. नगरपालिकेनं सफाई कामगाराला पगार दिला, पेन्शन दिली, पण झाडू जातीनं ठरलेलाच राहू दिला. मागून कंत्राटदार आला. त्यानं पेन्शन काढली, झाडू तोच ठेवला.

तेव्हा सरकार किती नि बाजार किती, या तराजूत आपला प्रश्न मावत नाही. आपला प्रश्न साधा आहे : ज्याच्या हातात माझी भाकर, त्याला मी नाही म्हणू शकतो का? तसं म्हणता येत नसेल तर स्वातंत्र्य कागदावरचं.

बाबासाहेबांनी १९४७ साली 'स्टेट्स अँड मायनॉरिटीज'मध्ये याचंच उत्तर मांडलं. कळीचे उद्योग नि विमा राज्याचा. शेतीही राज्याची, जातपात न बघता गावकऱ्यांना कसायला द्यायची. जमीनदार नको, कूळ नको, भूमिहीन मजूर नको. खासगी धंद्याला वाट ठेवली, पण हे सगळं घटनेतच लिहा असं बजावलं. कारण एका बहुमतानं दिलेलं दुसरं बहुमत काढून घेतं.

घटनेत ते आलं नाही. मिश्र अर्थव्यवस्था आली ती १९४८ आणि १९५६ च्या औद्योगिक धोरणांतून. धोरणानं आलेलं १९९१ साली धोरणानंच गेलं. १९५६ साली राष्ट्रीय केलेला आयुर्विमा १९९९ च्या कायद्यानं खासगी कंपन्यांना खुला झाला. कलम १६ (४) चं आरक्षण राज्याच्या नोकरीपुरतं. सरकारी कारखाना विकला की कलम जागच्या जागी राहतं, आपली जागा मात्र जाते.

म्हणून कुणी विचारलं, तुम्ही सरकारवाले की बाजारवाले, तर उलट विचारा : जमीन, कर्ज, घर, नोकरी यांत आमचा हक्क कोणता? आणि तो मोडणाऱ्याला कोर्टात खेचता येईल का? समोर मंत्री असो वा शेठ, उत्तर लेखी घ्या.