शब्द तेच, पाया नवा

नागरिकशास्त्राच्या तासाला एका मुलीने आम्हाला विचारले, "सर, इंग्रज गेले, मग १९३७ चा शरीयत कायदा कसा राहिला?" राज्यघटनेच्या ३७२ व्या कलमाने जुने कायदे चालू ठेवले, असे आम्ही सांगून टाकले. उत्तर बरोबर होते, पण आमचेच समाधान झाले नाही.

हान्स केल्सन म्हणतो, राज्यव्यवस्था उलटली तरी जुन्या कायद्याचे शब्द टिकतात, आधार मात्र बदलतो. म्हणजे १९५० पासून तो कायदा इंग्रजांचा उरला नाही, घटनेचा झाला; म्हणूनच तिच्या कसोटीलाही लागला. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एका दमातला तिहेरी तलाक ३ विरुद्ध २ मतांनी रद्द केला. तिघांपैकी दोघांनी घटनेची कसोटी लावली. तिसऱ्याने कुरआनचाच आधार घेतला, हे आपल्यात फारसे कोणी सांगत नाही.

हार्टचे म्हणणे अधिक बोचरे. अधिकाऱ्यांनी नियम प्रमाण मानले आणि लोकांनी ते नुसते पाळले, तरी कायद्याची व्यवस्था चालते. मात्र असा समाज मेंढरांसारखा असू शकतो. आम्हाला हे झोंबले. भाच्याच्या निकाहात गवाह म्हणून आम्हीही सही केली होती, निकाहनामा न वाचताच.