राखून ठेवलेला डाव

७ डिसेंबर २०२२ ची रात्र. साडेबारा वाजून गेलेले, अख्खं कंधार झोपलेलं, आणि गोधडीत मोबाइल धरून पडलेला माझा नातू एकदम ओरडला, "आबा, ह्या म्हाताऱ्याला येड लागलंय बघा! रोनाल्डोला बाहेर बसवायलाय!"

मला फुटबॉलमधलं फारसं कळत नाही. माझं सगळं आयुष्य तांबड्या मातीत गेलं. आधी तालमीत, मग पंचवीस वर्षं शाळेत पीटीचा मास्तर, आणि निवृत्तीनंतर पुन्हा तालमीत. पण नातवानं पडदा माझ्यासमोर धरला तेव्हा मैदानाच्या कडेला उभा असलेला तो माणूस मी ओळखला. म्हणजे नाव माहीत नव्हतं, चेहरा ओळखीचा होता. कपाळाला आठ्या, तोंडात जीभ नसल्यासारखा गप्प, आणि मैदानात पोरगं जिकडे वळेल तिकडे ह्याचा खांदाही आपसूक वळतोय. फडाच्या कडेला बसलेला वस्ताद असाच दिसतो.

त्याचं नाव फर्नांडो सांतोस, पोर्तुगालचा प्रशिक्षक. त्या रात्री विश्वचषकाच्या सामन्यात रोनाल्डोच्या जागी घेतलेल्या गोन्सालो रामोस नावाच्या पोरानं एकट्यानं तीन गोल मारले आणि स्वित्झर्लंडला सहा-एकनं लोळवलं. सकाळी चहा पिताना नातू म्हणाला, "काय डोकं आहे राव म्हाताऱ्याचं!" शनिवारी, १० तारखेला, मोरोक्कोपुढे एक-शून्यनं हार झाली. त्याही दिवशी रोनाल्डोला आधी बाहेर बसवून नंतर उतरवलं होतं. झालं, म्हातारा पुन्हा येडा. १५ तारखेला त्याचं पद गेलं. सात-आठ दिवसांत एकच माणूस येडा, मग शहाणा, मग परत येडा ठरला. त्यानं मात्र तिन्ही वेळा एकच काम केलं होतं: पोरांना मैदानात सोडून आपण कडेला उभं राहणं.

नातवाकडून मी त्याची माहिती काढून घेतली. तोही खेळाडूच होता. एस्टोरिल आणि मारिटिमो ह्या क्लबांकडून बचावफळीत खेळायचा. फार मोठं नाव झालं नाही. इंजिनिअरिंग शिकलेला होता, आणि प्रशिक्षक झाल्यावर पोर्तो संघाला त्यानं सलग पाचवं विजेतेपद मिळवून दिलं, तेव्हा लोक त्याला इंजिनिअरच म्हणायला लागले. २०१६ मध्ये पोर्तुगालनं युरोपचा चषक जिंकला तो ह्याच्याच हाताखाली. अंतिम सामन्यात रोनाल्डो पंचविसाव्या मिनिटाला जखमी होऊन बाहेर गेला आणि गोल केला एदेर नावाच्या बदली पोरानं, १०९ व्या मिनिटाला. सामना संपल्यावर सांतोसनं आधीच लिहून ठेवलेलं एक पत्र वाचून दाखवलं. त्यात विजय देवाला आणि येशूला वाहिला होता. माणूस पक्का कॅथलिक.

ते पत्र माझ्या डोक्यात बसलं. कारण हा प्रश्न मला बावीस वर्षं छळतोय. फळ कुणाचं?

गीतेतलं तत्त्व आपल्याला पाठ आहे: कर्म करावं, फळावर हक्क सांगू नये. कीर्तनात ऐकताना मान डोलते. पण हे सांगणाऱ्यानं वस्तादाचा विचार केलेला दिसत नाही. पैलवानाला निदान फळ सोडून देता येतं, कारण ते त्याच्या हातात येतं. फेटा त्याच्या डोक्यावर बांधतात, इनामाची नोट त्याच्या मुठीत कोंबतात, हलगीवाला त्याच्यासमोर नाचतो. वस्तादाच्या हातात फळ येतच नाही, मग सोडायचं काय? तरी त्याला ते हवं असतं. लई हवं असतं. दुसऱ्याच्या अंगातून हवं असतं, एवढाच फरक. ज्या वस्तादाला आपलं पोरगं चीत झाल्यावर रात्री जेवण जातं, त्यानं तालमीला कुलूप लावावं, असं माझं स्पष्ट मत आहे.

आमच्याकडे एक म्हण फार लाडकी आहे: वस्ताद एक डाव राखून ठेवतो. तिची गोष्टही सगळ्यांना ठाऊक. चेला माजतो, वस्तादालाच आव्हान देतो, आणि वस्ताद न शिकवलेला तो एक डाव टाकून त्याला आसमान दाखवतो. लोक टाळ्या पिटतात. राजकारणी लोकांना तर ही गोष्ट भारीच आवडते. सभेत कुणी ना कुणी सांगतोच.

मला ही गोष्ट आवडत नाही. त्याचं कारण सांगतो.

मी एक डाव राखून ठेवला होता. वर्ष २०००. माझ्याकडे एक पोरगा यायचा. मन्याडकाठच्या गावातला, बापाची दीड एकर कोरडवाहू. सायकलवर सात किलोमीटर येऊन पहाटे पाचला तालमीच्या दारात उभा. माती उकरायला, लिंबू-हळद-ताक टाकून ती मळायला सगळ्यांत पुढे. जोर मारायला लागला की मोजणारा थकायचा. आणि अंग असं की एकदा दाखवलेला डाव दुसऱ्या दिवशी माझ्यापेक्षा स्वच्छ मारायचा. गुडघा गेल्यामुळं माझी कुस्ती सत्ताविसाव्या वर्षी सुटलेली होती. त्याला बघताना आनंद व्हायचा आणि त्या आनंदाच्या तळाशी काहीतरी आंबट साचायचं. त्याला तेव्हा मी नाव दिलं नाही. आता देतो: मत्सर.

ढाक हा माझा डाव. पंचक्रोशीत मी त्यासाठी ओळखला जायचो. त्याला मी ढाक मारायला शिकवली, नीट शिकवली. तोड मात्र अर्धीच शिकवली. समोरच्यानं हात बगलेत आवळला की आपलं अंग सांगतं, हात ओढून काढ. तो ओढायचा नसतो. ओढला की तोल त्याच्या हवाली. उलट तो वळायला लागायच्या आत आपणच एक पाऊल पुढं टाकून त्याच्या अंगात शिरायचं. एवढंच. एका पावलाची गोष्ट. मी ती सांगितली नाही. पुढच्या वर्षी सांगू, असं मनाशी म्हणालो. खरं तर मला भीती होती की ती सांगितली की माझ्याकडे काहीच उरणार नाही.

त्या मार्गशीर्षात माळेगावच्या जत्रेत त्याची कुस्ती लागली. माळेगावची जत्रा ज्यांनी पाहिली आहे त्यांना सांगायला नको: घोडे, गाढवं, वाघ्या-मुरळी, भंडाऱ्यानं पिवळी झालेली माणसं आणि त्या गोंधळात कुस्तीचा फड. पोरगं सुरेख खेळत होतं. पाचव्या-सहाव्या मिनिटाला समोरच्यानं त्याचा उजवा हात बगलेत धरला. मी कडेला उकिडवा बसलो होतो. माझा पाय आपोआप पुढं सरकला. त्यानं हात ओढला. पुढचं सांगत नाही. पाठीला माती लागलेला तो उठला, माझ्याकडे आला आणि माझ्या पायाला हात लावून म्हणाला, "वस्ताद, माझं काय चुकलं?"

मी म्हणालो, "कमी पडलास."

माझ्या आयुष्यातलं सगळ्यांत खोटं वाक्य ते.

त्यानंतर मी महाभारतात आधार शोधत बसलो, पापी माणूस शोधतो तसा. तिथं द्रोण भेटले. एकलव्याचा अंगठा सगळ्यांना ठाऊक आहे, पण आदिपर्वातली त्याहून लहान गोष्ट मला जास्त बोचली. द्रोण बाकीच्या शिष्यांना पाणी आणायला अरुंद तोंडाचे कमंडलू द्यायचे आणि अश्वत्थाम्याला रुंद तोंडाचा घडा. त्याचं भांडं लवकर भरायचं, तो लवकर परतायचा, आणि मधल्या वेळात बाप त्याला जास्तीचं शिकवायचा. केवढा मोठा आचार्य, आणि युक्ती काय, तर भांड्याच्या तोंडाची! शेवटी त्या लाडक्या मुलाला ब्रह्मास्त्र सोडता आलं, माघारी घेता आलं नाही. डाव आला, तोड आली नाही. मला ते वाचून रात्रभर झोप लागली नाही.

ह्या बाजूला आपल्या लातूरचा माणूस ठेवून बघा. हरिश्चंद्र बिराजदार, निलंगा तालुक्यातल्या रामलिंग मुदगडचे. १९६९ चे महाराष्ट्र केसरी, पुढे रुस्तुम-ए-हिंद. १९७७ मध्ये बेळगावात त्यांनी दिल्लीच्या सतपालला हरवलं, तेव्हा आमच्या तालमीत पेढे वाटले होते. आमच्या पिढीनं बिराजदारांचं नाव घेऊन जोर मारले. त्यांनी नंतर काय केलं? पुण्यात गोकुळ वस्ताद तालमीत पोरं घडवत बसले. तिकडे सतपालही दिल्लीत छत्रसाल स्टेडियमवर पोरं घडवत बसले. एकमेकांशी झुंजलेले दोन मल्ल, दोघंही कडेला. सतपाल यांच्या सुशील कुमारनं २००८ आणि २०१२ ला ऑलिम्पिक पदकं आणली. बिराजदारांचा चेला बीडच्या पाटोद्याचा राहुल आवारे. तो नाव काढायच्या आधीच, सप्टेंबर २०११ मध्ये, बिराजदार गेले. मग राहुल आमच्या लातूरच्याच काका पवारांकडे गेला. अर्जुन पुरस्कार मिळालेला हा पैलवानही तोवर वस्ताद झालेला होता. एप्रिल २०१८ मध्ये गोल्ड कोस्टला राष्ट्रकुल स्पर्धेत ५७ किलोत राहुलनं सुवर्णपदक जिंकलं आणि ते बिराजदारांना वाहिलं.

टीव्हीवर ते ऐकताना मी उठून उभा राहिलो. वस्तादाला जाऊन साडेसहा वर्षं झाली होती. म्हणजे फळ लागलं तेव्हा झाड लावणारा नव्हताच. मग त्यानं फळाची आसक्ती सोडली होती की नव्हती, ह्या चर्चेला अर्थ काय उरतो? त्यानं एवढंच केलं होतं की हातचं काही मागं ठेवलं नव्हतं. ठेवलं असतं तर ते त्याच्याबरोबर राखेत गेलं असतं.

माझी आजी लिंगायत घरातली. तिच्याकडून एक गोष्ट लहानपणी पाहिली, कळली म्हातारपणी. दीक्षेत गुरू इष्टलिंग शिष्याच्या तळहातावर ठेवतो. अष्टावरणात पहिलं स्थान गुरूचं आहे, लिंगाच्याही आधी. पण एकदा लिंग तळहातावर ठेवलं की गुरू बाजूला होतो. रोजची पूजा आजी एकटी करायची, डाव्या तळहातावर लिंग घेऊन. तिथं गुरू नसायचा, देवळाचा पुजारी नसायचा, कुणीच नसायचं. गुरूनं अर्धं लिंग आपल्याकडे ठेवून घेतलं, असं कधी ऐकलंय का?

आमच्या कंधारजवळ मानसपुरीच्या शिवारात राष्ट्रकूट काळातल्या क्षेत्रपालाच्या प्रचंड मूर्तीचे तुकडे सापडलेले आहेत. आम्ही पोरं तिथं जाऊन त्या मूर्तीच्या पावलाशेजारी आपलं पाऊल ठेवून हसायचो. क्षेत्रपाल म्हणजे शेत राखणारा देव. नांगरत नाही, पेरत नाही, कापत नाही. राखतो. कडेला उभं राहणाऱ्याचा देवसुद्धा आपल्याकडे आहे, हे मला फार उशिरा सुचलं.

आता सांतोसच्या पत्राकडे येतो. विजय देवाला वाहणं मला पटतं आणि नाहीही पटत. आपल्याकडेही पैलवान जिंकला की "बजरंगबली की जय" म्हणतो, हरला की पंचाला शिव्या देतो. देवाला विजय द्यायचा तर हारही द्यायला पाहिजे, नाहीतर तो व्यवहार झाला. माझा हिशेब वेगळा आहे आणि तो सरळ नाही, हे मला मान्य आहे. जिंकलं तर पोरानं जिंकलं. हरलं तर वस्ताद हरला. देवाला त्यात ओढू नये, त्याला इतर कामं आहेत. असा लंगडा हिशेब धर्मग्रंथात बसणार नाही, पण फडाच्या कडेला बसणाऱ्याला दुसरा परवडत नाही. मोरोक्कोनंतर पद गेलं ते सांतोसचंच गेलं. मैदानात हरलेली अकरा पोरं घरी जाऊन पुन्हा खेळायला लागली. मला ते योग्य वाटलं. नातवाला नाही वाटलं, तो अजून वाद घालतो.

माळेगावला चीत झालेलं ते पोरगं दोन वर्षांनी कुस्ती सोडून पुण्याला गेलं. आता टेम्पो चालवतो. दिवाळीला येतो, पाया पडतो, बदामाची पुडी ठेवतो. गेल्या साली स्वतःच्या मुलाला माझ्या तालमीत घालून गेला. त्या मुलाला मी पहिल्याच आठवड्यात हात बगलेत सापडला की पुढं पाऊल टाकायला शिकवलं.

त्याच्या बापाला मात्र मी अजून सांगितलेलं नाही.