डोंगर उतरताना



आज उपवासकाळाचा दुसरा रविवार. गेल्या रविवारी आपण प्रभू येशूबरोबर अरण्यात होतो. आज ख्रिस्तसभा आपल्याला डोंगरावर नेते. पेत्र, याकोब व योहान यांना घेऊन येशू उंच डोंगरावर जातो. तेथे त्याचे मुख सूर्यासारखे तळपू लागते, वस्त्रे प्रकाशासारखी शुभ्र होतात आणि मोशे व एलिया त्याच्याशी बोलताना दिसतात. पेत्र भारावून जातो. आपण येथेच राहू या, तीन मंडप बांधू या, असे तो सुचवतो. तेवढ्यात मेघ त्यांना झाकून टाकतो, पित्याची वाणी होते आणि शिष्य घाबरून पालथे पडतात. येशू जवळ येऊन त्यांना स्पर्श करतो व धीर देतो. ते वर पाहतात, तर समोर एकटा येशू! आणि मग ते सगळे डोंगर उतरतात.

हा डोंगर कोणता हे शुभवर्तमानात सांगितलेले नाही. परंपरेने तो गालिलातील ताबोर मानला जातो. आपल्यातील बहुतेकांना ताबोर पाहण्याचा योग आलेला नाही. परंतु गेल्या दिवाळीच्या सुटीत वेलंकनीच्या यात्रेला गेलेला आपल्या धर्मग्रामाचा गट परतताना केरळातील मुन्नारला थांबला होता. सकाळी तेथील माउंट कार्मेल चर्चमध्ये मिस्सा ऐकून आम्ही एका दिवसासाठी एरवीकुलम राष्ट्रीय उद्यान पाहायला गेलो. कार्मेल म्हणजे एलिया संदेष्ट्याचा डोंगर. त्या दिवशी जे पाहिले, ते आजच्या शुभवर्तमानाच्या उजेडात पुन्हा पाहू या.

१. वाटाड्याच्या मागे

एरवीकुलम हे सुमारे ९७ चौरस किलोमीटरचे उद्यान पश्चिम घाटाच्या माथ्यावर आहे. २६९५ मीटर उंचीचे आनमुडी शिखर तेथेच आहे. हिमालयाच्या दक्षिणेस भारतात त्याहून उंच शिखर नाही. एवढ्या मोठ्या उद्यानातला राजमला नावाचा लहानसा भागच लोकांसाठी खुला असतो. आपली गाडी खाली ठेवायची, वनखात्याच्या बसने वर जायचे आणि आखून दिलेल्या रस्त्यावरून पायी चालायचे, अशी तेथील रीत आहे.

आमच्याबरोबर जो वाटाड्या होता तो त्याच डोंगरातला, चहामळ्यातील कामगाराचा मुलगा. त्याने मोडक्यातोडक्या हिंदीत तीनच गोष्टी सांगितल्या. रस्ता सोडायचा नाही. जनावरांना हात लावायचा नाही, खायला घालायचे नाही. आणि परत फिरा म्हटले की परत फिरायचे. एवढे सांगून तो सर्वांच्या मागे, सगळ्यांत हळू चालणाऱ्यांबरोबर चालू लागला.

अर्ध्या वाटेवर धुके उतरले. दहा पावलांवरचा माणूस दिसेना. “एवढ्या लांब येऊन पैसे फुकट गेले,” अशी कुरकुर सुरू झाली. वाटाड्या म्हणाला, “रुकिए.” आम्ही थांबलो. अर्धा तास ओल्या गारव्यात उभे राहिलो. मग धुके विरळ होत गेले आणि आनमुडीचा प्रचंड काळा कातळ समोर उभा राहिला. तो तेथेच होता. आम्हाला दिसत नव्हता एवढेच.

आजच्या पहिल्या वाचनातील अब्राहामही असाच निघाला. वयाच्या ७५व्या वर्षी आपला देश व आपले गणगोत सोडून, पुढचा मुलूख न पाहता, केवळ वाट दाखवणाऱ्या परमेश्वरावर विश्वास ठेवून. बंधुभगिनींनो, आपल्यालाही धुके चुकत नाही. मुलाला नोकरी लागत नाही, मुलीचे लग्न ठरत नाही, आजाराचे निदान होत नाही. अशा वेळी आपण म्हणतो, एवढ्या प्रार्थना फुकट गेल्या. पण आजच्या शुभवर्तमानात पित्याची वाणी नेमकी मेघातूनच आली, हे आपण विसरू नये. स्वच्छ उन्हात शिष्यांनी डोळ्यांनी पाहिले. मेघात शिरल्यावर त्यांनी कानांनी ऐकले. श्रद्धा ही पुष्कळदा ऐकण्याचीच गोष्ट असते.

२. डोंगराचा उपवास

धुके विरल्यावर रस्त्याच्या कडेला नीलगिरी ताहर दिसले. हा रानबकऱ्यांचा प्रकार केरळ व तमिळनाडूच्या डोंगरांखेरीज जगात कोठेही रानात आढळत नाही, आणि तेथेही त्यांची संख्या दोन-तीन हजारांच्या आसपासच आहे. त्यांचा सर्वांत मोठा कळप एरवीकुलमला आहे. माणसे हाताच्या अंतरावर उभी असताना ते शांतपणे गवत खात होते. आम्हाला नवल वाटले. रानटी प्राणी माणसाला भीत नाही असे कसे?

उत्तर त्या डोंगराच्या इतिहासात आहे. एके काळी ही चहामळेवाल्या साहेबांची शिकारीची जागा होती. पुढे १९७५ साली ते अभयारण्य झाले आणि १९७८ साली राष्ट्रीय उद्यान. जेथे बंदूक होती तेथे पहारा आला. कित्येक पिढ्या कोणी दगड मारला नाही, तेव्हा कोठे त्या मुक्या जनावरांच्या मनातली भीती गेली. घरातील भीतीही अशीच जाते. रात्री बाप दारू पिऊन आला की कोपऱ्यात लपणारे मूल, बापाने एक दिवस बाटली सोडली म्हणून लगेच त्याच्या मांडीवर बसत नाही. त्याला पुष्कळ शांत रात्री पाहाव्या लागतात. ज्यांनी या उपवासकाळात दारू सोडली आहे त्यांनी धीर धरावा आणि चाळीस दिवसांनंतरही ती सोडलेलीच ठेवावी.

त्या डोंगराची आणखी एक गोष्ट मनात भरली. ताहरची पिल्ले बहुधा वर्षाच्या सुरुवातीला जन्मतात, म्हणून सामान्यतः फेब्रुवारी व मार्च हे दोन महिने उद्यान लोकांसाठी बंद ठेवतात. तिकीट विक्री नाही, बस नाही, गलका नाही. नेमका हाच आपला उपवासकाळ! जणू डोंगरही उपवास करतो आणि त्याच्या उपवासातून नवा जीव जगतो. लेवीयच्या पुस्तकात परमेश्वराने इस्राएलला सांगितले होते की, सातव्या वर्षी जमिनीलाही विश्रांती द्यावी, त्या वर्षी पेरणी करू नये. जमीन आपल्या मालकीची नसून परमेश्वराची आहे आणि आपण तिच्यावर पाहुणे आहोत, ही त्यामागची शिकवण होती.

तेथील उतारांवर नीलकुरिंजी नावाचे झुडूप आहे. ते बारा वर्षांतून एकदा फुलते. २००६ साली फुलले, २०१८ साली फुलले, आता २०३० साली फुलेल. आम्ही गेलो तेव्हा एकही फूल नव्हते, नुसती हिरवी झुडपे. आपल्या सह्याद्रीतील कारवी ही त्याच कुळातली, तीही सात-आठ वर्षांनी बहरते. जिच्या काठ्यांचे कूड आपल्या जुन्या माणसांनी पाहिले आहेत तीच ही कारवी. नीलकुरिंजी एकदा फुलली की बी टाकते आणि मरून जाते. गव्हाचा दाणा मातीत पडून मेला तरच पीक देतो, हे प्रभूचे वचन त्या उतारावर आपोआप आठवले. आपल्याला मात्र आज केलेल्या उपवासाचे फळ उद्या हवे असते.

३. मंडप बांधण्याचा मोह

चार वाजता वाटाड्याने परत फिरायला सांगितले. कोणाचाच पाय निघत नव्हता. “येथे एखादी खोली मिळाली तर?” असे एकाने विचारलेसुद्धा. पेत्राचेच शब्द, फक्त मंडपाऐवजी खोली! डोंगरमाथ्यावर राहायची सोय नाही, आणि नाही म्हणूनच तो डोंगर शिल्लक आहे. पेत्राची इच्छा पुढे दगडांत उतरली असे म्हणता येईल. १९२४ साली ताबोरवर पूर्ण झालेल्या महामंदिरात त्या तीन मंडपांची आठवण म्हणून तीन प्रार्थनास्थाने आहेत. पण स्वतः प्रभू मात्र त्या दिवशी तेथे राहिला नाही.

मंडप बांधण्याचा मोह आपल्यालाही होतो. वेलंकनीला, तपसाधनेला, सणाच्या मिस्सेला मन भरून येते. तेथेच राहावेसे वाटते. घरी परतलो की तीच कटकट, तोच भावाभावांचा जमिनीचा वाद, तेच शेजाऱ्याशी न बोलणे. मग आपण पुढच्या यात्रेची तारीख विचारू लागतो. अशा वेळी यात्रा ही पळवाट होते.

येथे एक गोष्ट सांगितलीच पाहिजे. आमच्या गटातील एका आजींना गुडघ्यांमुळे बसच्या थांब्यापुढे चालणे जमेना. “तुम्ही जा, मी बसते,” असे त्या म्हणाल्या. आमच्यातला एक तरुण गाडीत बसल्यापासून ताहरबद्दल बोलत होता, त्यासाठी मित्राचा कॅमेरा मागून आणला होता. तो कॅमेरा दुसऱ्याच्या हातात देऊन आजींजवळ बसला. कोणी त्याला सांगितले नव्हते. आम्ही परतलो तेव्हा आजी त्याला त्याच्या पणजोबांची गोष्ट सांगत होत्या. त्यांच्या मळ्यात त्या लहानपणी खेळल्या होत्या. त्या मुलाने पणजोबांना पाहिलेले नव्हते, घरात त्यांचा फोटोही नाही. त्याने ना आनमुडी पाहिले, ना ताहर. पण ताबोरवर मोशे व एलिया हे पूर्वज दिसले होते, तसा त्याला त्या बाकावर आपला एक पूर्वज दिसला. त्या दिवशी आमच्यापैकी सर्वांत जास्त कोणी पाहिले, हे सांगणे कठीण आहे.

४. डोंगराच्या पायथ्याशी

बसची वाट पाहत असताना वाटाड्याने एका बाजूला बोट दाखवले. “उधर पेट्टिमुडी,” एवढेच तो म्हणाला. ६ ऑगस्ट २०२० च्या रात्री मुसळधार पावसात तेथे दरड कोसळली आणि चहामळ्यातील कामगारांच्या चाळी झोपेतच गाडल्या गेल्या. ७० माणसे गेली, त्यात कितीतरी मुले होती. ज्यांच्या हातांनी खुडलेला चहा आपण पितो ती ही माणसे. सकाळपासून आम्ही फोटो काढत होतो त्या सुंदर डोंगरांच्या कुशीतच हे घडले होते. कोणी काही बोलले नाही. उभ्या उभ्या आम्ही प्रभूची प्रार्थना म्हटली. वाटाड्या टोपी काढून उभा होता.

हे दुःख आपल्याला परके नाही. माळीण २०१४, तळीये २०२१, इर्शाळवाडी २०२३ ही नावे आपल्याच सह्याद्रीतील आहेत. डोंगर खचतो तेव्हा गाडला जातो तो बहुधा गरीब माणूस. धरतीचे रडणे आणि गरिबाचे रडणे वेगवेगळे नाही, असे पोप फ्रान्सिस यांनी २०१५ साली ‘लाउदातो सी’ या परिपत्रकातून साऱ्या जगाला शिकवले. २०२५ साली ते प्रभूकडे गेले, पण त्यांची शिकवण आपल्यापाशी आहे.

मत्तयचे शुभवर्तमान थोडे पुढे वाचावे. येशू डोंगरावरून उतरतो तेव्हा पायथ्याशी कोण भेटतो? एक हवालदिल बाप. त्याचा मुलगा आजारी आहे, कधी विस्तवात तर कधी पाण्यात पडतो आणि शिष्यांना तो बरा करता आलेला नाही. पेत्राचे ऐकून येशू वर राहिला असता, तर त्या बापाला कोण भेटले असते? ज्या मुखावर सूर्याचे तेज होते तेच मुख त्या मुलाकडे वळले. हे आपल्या देवाचे रूप आहे.

आपल्या पायथ्याशी कोण उभे आहे? आपल्याच आळीत महिनोन्‌महिने अंथरुणाला खिळलेली माणसे आहेत. परमप्रसाद घरी नेला जातो तेव्हाच त्यांच्या दारात कोणीतरी येते. परदेशी गेलेल्या मुलांच्या फोनची वाट पाहणारे आईबाप आहेत. आणि आपली माती आहे. वाडवडिलांनी राखलेली बावखले आपण भराव घालून बुजवत आहोत, आणि पावसाळ्यात घरात पाणी शिरले की देवाला दोष देत आहोत. एरवीकुलमला वनखात्याचा पहारेकरी आहे. आपल्या बावखलाला पहारेकरी कोण?

या आठवड्यासाठी तीन साध्या गोष्टी ठरवू या. शुक्रवारी क्रुसाची वाट केल्यावर सरळ घरी न जाता एका आजारी किंवा एकट्या माणसाच्या घरी पंधरा मिनिटे बसू या; फोन खिशात ठेवून त्याच्या आठवणी ऐकू या. उपवासाने वाचलेले पैसे आपल्या घरात न ठेवता दानपेटीत टाकू या. आणि प्रत्येक आळीने आपल्या हद्दीतील एका बावखलाची किंवा विहिरीची जबाबदारी घ्यावी; तेथे कचरा व भराव पडू देऊ नये, आणि आपल्याच नातलगाने टाकला तरी त्याला प्रेमाने पण स्पष्ट सांगावे.

आता आपण वेदीपाशी येत आहोत. येथेही प्रभू आपले रूपांतर करतो, आणि येथूनही मिस्सेच्या शेवटी आपल्याला खाली, घराकडे पाठवले जाते.

हे प्रभू येशू, तू डोंगरावर आम्हाला तुझे वैभव दाखवतोस आणि पायथ्याशी तुझी जखम दाखवतोस. धुक्यात आम्हाला थांबायला शिकव, मागे राहिलेल्यांबरोबर चालायला शिकव. आमच्यामुळे कोणी माणूस, कोणी मुका जीव भयभीत राहू नये असे आम्हाला कर. पेट्टिमुडीत आणि आपल्या सह्याद्रीत मातीखाली गेलेल्या सर्वांना तुझ्या प्रकाशात चिरविश्रांती दे. आमेन.