जप्ती टळली, पण माफी कशाची?

कर्जमाफीची घोषणा झाली की 'सातबारा कोरा' हे शब्द गावोगाव फिरतात. गडचिरोली जिल्ह्यातल्या अहेरी, एटापल्ली, भामरागडकडे मात्र असे सातबारे पुष्कळ भेटतात, ज्यांच्या इतर हक्कांच्या रकान्यात बँकेचा बोजा कधी चढलाच नाही. कोरेपणाच पदरी असलेल्या माणसाला माफी कशाची द्यायची? या प्रश्नाचे मूळ कर्जमुक्तीची कल्पना कशी बदलत गेली, त्यात आहे.

सुरुवातीला ही कल्पना जप्तीभोवती फिरत होती. मे १८७५ मध्ये सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांचे कर्जरोखे जाळले आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा आला. तो पुणे, सातारा, नगर, सोलापूरपुरता होता. अहेरीची जमीनदारी चांदा जिल्ह्यात, म्हणजे मध्य प्रांतात. तिथल्या सरकारने १९१६ मध्ये आदिवासींच्या जमिनीच्या हस्तांतरावर निर्बंध आणले आणि १९३३ च्या कायद्याने धनको व ऋणको यांना समेट मंडळापुढे बसवून कर्ज कमी करण्याची, हप्ते बांधून देण्याची सोय केली. त्याआधीच १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेने कलम ६० मध्ये जप्तीची मर्यादा आखली होती. अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, शेतीची अवजारे, कसायला लागणारे बैल, पेरणीचे बियाणे यांना हात लावायचा नाही. ऋणको कितीही बुडाला तरी पुढच्या हंगामात उभा राहिला पाहिजे, हा त्यामागचा विचार.

१९७४ मध्ये महसूल संहितेत ३६-अ कलम आले. आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीकडे सरकारी मंजुरीशिवाय जाऊ शकत नाही, अगदी न्यायालयाच्या हुकूमनाम्यावरून झालेल्या लिलावातही नाही. लगोलग १९७५ मध्ये राज्याने अल्पभूधारक, शेतमजूर आणि कारागिरांची सावकारी कर्जेच रद्द केली, गहाण वस्तू परत करायला लावल्या. १९७७ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही तो कायदा उचलून धरला. बँका आणि सहकारी संस्थांची कर्जे मात्र त्यातून वगळली होती. सावकाराचे कर्ज म्हणजे पिळवणूक आणि बँकेचे म्हणजे विकास, ही विभागणी तिथे पक्की झाली.

१९९० मध्ये दहा हजारांपर्यंतची माफी झाली, २००८ मध्ये दोन हेक्टरपर्यंतच्या शेतकऱ्यांची थकबाकी गेली, २०१७ मध्ये राज्याने दीड लाखाची आणि २०१९ मध्ये दोन लाखांची मर्यादा ठरवली. आधी झळ सावकाराला बसत होती, आता तिजोरी बँकेचे पैसे चुकते करू लागली. म्हणजे मदतीच्या रांगेत उभे राहायचे तर आधी बँकेचा कर्जदार असावे लागते. किराणा दुकानदाराच्या वहीतली उधारी कुठल्याच यादीत येत नाही. २००७ च्या राधाकृष्ण समितीनेही संस्थात्मक कर्जाबाहेर राहिलेल्या शेतकऱ्यांकडे बोट दाखवले होते.

अहेरीत गाठ इथेच बसते. वनहक्क कायद्याने मिळालेला पट्टा वारसांकडे जातो, पण विकता येत नाही, हस्तांतरित होत नाही. छोट्या पीककर्जाला तारण लागू नये असा नियम आहे. तरी जे लिलावात काढता येत नाही त्यावर मोठी रक्कम द्यायला बँक धजावत नाही. संरक्षण आणि पत एकमेकांच्या आड येतात.

यावर कोणी म्हणेल, निर्बंध सैल करा. ते जमिनी गमावण्याचेच आमंत्रण होईल. त्यापेक्षा आदिवासी विकास महामंडळाच्या अनुभवाकडे पाहावे. पावसाळ्यातली उपासमार टाळण्यासाठी १९७८ पासून खावटी कर्ज दिले जाई. करोनाच्या काळात, २०२० मध्ये, त्याचे अनुदान झाले: दोन हजारांचा किराणा (डाळ, तेल, मीठ, चहापत्ती) आणि दोन हजार खात्यात. पोटाला लागणारे धान्य कर्जाऊ देणेच चूक, हे त्यात अप्रत्यक्षपणे मान्य झाले. उरते शेतीचे कर्ज. आदिवासी विविध कार्यकारी सहकारी (आविका) संस्था बांधीतले धान हमीभावाने विकत घेतात. दरवर्षीची ती विक्री हीच पत मानली, तर जमीन गहाण टाकण्याची गरजच उरत नाही. अशा शेतकऱ्याला माफीची वाट पाहण्यापेक्षा वेळेवर मिळालेले कर्ज जास्त उपयोगी पडेल.