लेखी आदेश कुठे आहे?

मे 2021. कोरोनाची दुसरी लाट अजून ओसरायची होती आणि सोलापूर जिल्हा उजनी धरणाच्या पाण्यावरून पेटला होता. निमित्त होते जलसंपदा विभागाच्या 22 एप्रिलच्या आदेशाचे. पुणे-पिंपरीचे सांडपाणी भीमेतून उजनीत येते. त्या हिशेबातले पाच टीएमसी पाणी पुणे जिल्ह्यातल्या इंदापूरला उचलून देण्यासाठी सर्वेक्षण करायला या आदेशाने मान्यता दिली होती. तो रद्द केल्याचे तत्कालीन जलसंपदामंत्री जयंत पाटील यांनी जाहीर केले, तरी आंदोलक हटेनात. त्यांना कागद हवा होता. तो 27 मे रोजी निघाला.

आंदोलकांची मागणी कायद्याला धरून होती. संविधानाच्या अनुच्छेद 166 नुसार राज्याचा कारभार राज्यपालांच्या नावाने, ठरवून दिलेल्या पद्धतीने प्रमाणित केलेल्या आदेशांतून चालतो. मंत्र्याने फायलीवर शेरा मारला तरी तो संबंधिताला रीतसर कळवल्याखेरीज आदेश ठरत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 1962 मध्ये बच्चितर सिंग प्रकरणात सांगितले. मग नुसत्या घोषणेवर कुणी घरी का जावे?

इंदापूरची बाजूही तितकीच खरी आहे. उजनीच्या पोटात या तालुक्याची गावे गेली. धरण आटले की पळसदेवचे जुने मंदिर पाण्याबाहेर येते, तेव्हा बुडालेल्या गावाची आठवण पुन्हा डोळ्यांसमोर उभी राहते. खडकवासला आणि नीरा डावा या दोन्ही कालव्यांच्या टेलला असलेल्या इंदापूरच्या गावांना आवर्तनाची वाट पाहावी लागते. त्यांची गरज खोटी नव्हती. पण इंदापूरचे आमदार दत्तात्रय भरणे त्याच वेळी सोलापूरचे पालकमंत्री होते. अशा वेळी निर्णयाआधी दोन्ही बाजूंना समोरासमोर बसवून आकडे मांडले असते, तर संशयाला जागा उरली नसती.

निर्णय फिरण्याचा हाच अनुभव बारामतीकरांनी दुसऱ्या बाजूने घेतला. नीरा-देवघरचे पाणी डाव्या कालव्याने बारामती-इंदापूरला मिळत होते. जून 2019 मध्ये शासनाने ते थांबवून उजव्या कालव्याकडे, म्हणजे फलटण, माळशिरस, सांगोल्याकडे वळवायचे ठरवले. सरकार बदलले आणि फेब्रुवारी 2020 मध्ये मंत्रिमंडळाने डाव्याला 55 आणि उजव्याला 45 टक्के अशी वाटणी केली. आठ महिन्यांत दोन निर्णय. उसाची लागण केलेल्याने कोणत्या निर्णयावर भरवसा ठेवायचा?

अधिकार कुणाचा, हा प्रश्नही इथे येतो. अंधेरीत एक चित्रपटगृह बांधायला दिलेली परवानगी 1947 मध्ये मुंबईच्या पोलीस आयुक्तांनी सरकारच्या सांगण्यावरून रद्द केली. कायद्याने तो अधिकार आयुक्तांचा होता. गोरधनदास भानजी प्रकरणात 1951 मध्ये सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी निकाल दिला की ज्याच्या हाती अधिकार आहे त्यानेच स्वतः विचार करून तो वापरला पाहिजे. सार्वजनिक आदेशाचा अर्थही त्यात लिहिलेल्या शब्दांवरूनच काढायचा, अधिकाऱ्याने मागाहून केलेल्या खुलाशावरून नाही. पाण्याच्या बाबतीत 2005 च्या कायद्याने जलसंपत्ती नियमन प्राधिकरण उभे केले, पण 2011 च्या दुरुस्तीने पिणे, शेती आणि उद्योग यांतली वाटणी मंत्रिमंडळाकडे गेली. अधिकार राजकीय नेतृत्वाच्या हाती आला, तेव्हा कारणे लिहिण्याची जबाबदारीही त्याच्याबरोबर वाढायला हवी होती.

कालव्यावरचा शेतकरी पाण्यासाठी सात नंबरचा फॉर्म भरतो. गट नंबर, पीक, क्षेत्र लिहून तो मुदतीत द्यायचा आणि मागची पाणीपट्टीही चुकती करायची. रकाना चुकला तर पाळी हातची जाऊ शकते. एका पाळीसाठी शासन त्याच्याकडून एवढा कागद मागते. तोच काटेकोरपणा शासनाने पाच टीएमसीच्या आदेशात दाखवला पाहिजे. कोणत्या अधिकाराखाली तो निघाला, कोणाचे ऐकून घेतले, पाणी कोणत्या हिश्शातून येणार आणि कोणाचे कमी होणार, हे सारे त्यात मराठीत लिहिलेले असावे. त्याचा मसुदा इंदापूरच्या तहसील कचेरीत आणि सोलापूर जिल्ह्यातल्या माढ्याच्या कचेरीत एकाच दिवशी लागावा, हरकतींसाठी मुदत असावी, आणि सर्वेक्षणाची पहिली खूण त्या हरकतींची उत्तरे दिल्यानंतरच रोवली जावी.